घट बसल्यावर रुजू

पूर्वी ज्येष्ठता यादी कार्यालयाच्या फळ्यावर लागायची आणि माणसं पाणी प्यायच्या निमित्ताने तिच्यासमोरून चारदा जायची. आता ती मोबाइलच्या ग्रुपवर येते. आली की जो तो फोन नाकाशी धरून दोन बोटांनी पान मोठं करत बसतो, आणि थोडा वेळ सबंध कार्यालयात कुणी कुणाशी बोलत नाही. खिडकीशी उभा असलेला एखादा लूमवाला "मॅडम, हमारा कागज हुआ क्या?" म्हणून विचारतो, त्याला कुणीतरी हात दाखवून थांबवतं. आपण कुणाच्या वर आणि कुणाच्या खाली आहोत हे पाहिल्याशिवाय सरकारी माणसाला दुसरं काही सुचत नाही. मी काही त्याला अपवाद नाही.

त्या वर्षीची तात्पुरती यादी आली तेव्हा माझं नाव होतं तिथेच होतं, आणि माझ्या लगेच खाली भाऊंचं. भाऊ म्हणजे माझे सहकारी. पाव शतकापेक्षा जास्त काळ आम्ही एकाच खात्यात आहोत. मधे इकडे तिकडे बदल्या झाल्या, पण फिरून फिरून भोपळे चौकात, तसे दोघंही भिवंडीलाच परत आलो. मी त्यांना भाऊ म्हणते, ते मला ताई म्हणतात. दुपारी एका टेबलावर डबा खायचा, त्यांच्या डब्यातली सुकट माझ्याकडे आणि माझ्याकडची उसळ त्यांच्याकडे, हा क्रम कुठल्याही साहेबाच्या काळात बदलला नव्हता.

आमच्या वरच्या खुर्चीचा, म्हणजे कार्यालयीन अधीक्षकाच्या जागेचा, आम्ही कधी विचारच केला नव्हता. वर पुष्कळ माणसं होती. ती एकेक करून निवृत्त झाली आणि एक दिवस यादीच्या माथ्यावर मी आणि भाऊ एवढेच उरलो. जिल्ह्यात रिकामी जागा एकच. निवृत्तीही दोघांची जवळ आलेली. म्हणजे जो वर तो अधीक्षक म्हणून घरी जाणार, आणि जो खाली तो आहे त्याच खुर्चीवरून नारळ घेणार. मला ती जागा हवी होती. हे मी लाजत-मुरकत सांगणार नाही. माझे वडील कामतघरला पॉवरलूमवर कामगार होते, आमची खोली चाळीत, आणि आमच्या घरातल्या कुणाच्याही नावाची पाटी आजवर कुठल्या दारावर लागलेली नव्हती. मला पाटी हवी होती.

यादीवर हरकती मागवायची पद्धत असते. लोक घेतातही, कुणाचं आडनाव चुकलेलं असतं, कुणाची जन्मतारीख. मी निर्धास्त होते. आणि मग एके दिवशी शिपायाने माझ्या टेबलावर पाकीट ठेवलं. भाऊंनी माझ्या नावावर हरकत घेतली होती. भरतीच्या वेळच्या निवड यादीत ते माझ्या वर होते, तेव्हा ज्येष्ठता यादीतही ते वर असले पाहिजेत, असं त्यांचं म्हणणं, आणि त्यावर सुनावणीला मी ठाण्याला हजर राहायचं होतं.

मी पाकीट वाचलं आणि मान वर करून पाहिलं. भाऊ समोरच्या टेबलावर मान खाली घालून फाइलला दोरा बांधत होते. त्या दिवशी दुपारी मी डबा घेऊन महिलांच्या खोलीत गेले. माझा राग नाकावर असतो असं माझ्या घरी म्हणतात, पण त्या दिवशी तो थेट टाळूपर्यंत चढला होता. हरकत घेतली म्हणून नव्हे. तोंडाने सांगितलं नाही म्हणून. बारा हातांवर बसलेल्या माणसाने मला सरकारी पाकिटातून कळवावं, याची आग झाली.

आता हा घोळ मुळात झाला कसा ते सांगते, कारण त्यात भाऊंचं म्हणणं खोटं नव्हतं आणि हीच माझी अडचण होती.

आमच्या नेमणुकीचे आदेश आले ते नेमके पितृपक्षाच्या तोंडावर. माझ्या वडिलांनी आदेश हातात घेतला, मला वाचून दाखवायला लावला, आणि उद्याच्या उद्या हजर व्हायचं असं सांगितलं. आम्ही बौद्ध, आमच्या घरी दिवस बघायची पद्धत नाही. पण वडिलांचं कारण वेगळंच होतं. लूमवर शिफ्टला यायला जरा उशीर झाला की मुकादम त्या लूमवर दुसऱ्याला उभा करायचा, आणि मग दिवसभर दारात बसून राहावं लागायचं. नोकरी म्हणजे ज्याने आधी हात लावला त्याची, एवढाच नियम त्यांना ठाऊक होता. मी दुसऱ्या दिवशी, कार्यालय उघडायच्या आधी, पायरीवर उभी होते.

चार-पाच दिवसांनी साहेबांच्या केबिनमध्ये मी आवक टपाल घेऊन उभी असताना दारातून एक उंच, लाजरा मुलगा आत आला, आणि त्याच्या पुढे त्याची आई. लुगडं नेसलेली, हातात पिशवी, पिशवीत साहेबांसाठी वाडीतली काकडी. तोच मुलगा म्हणजे भाऊ. दिघाशीकडची शेतीवाडीची माणसं ती. सगळं आईनेच सांगितलं.

"साहेब, पितरांचे दिस हायत. या दिसांत पोऱ्याला नव्या कामाव बसवायचा न्हाय. घट बसले का मी सोता आणून सोडतंय."

साहेब देवभोळे होते. त्यांनी काकड्या बाजूला ठेवून घेतल्या आणि म्हणाले, "घट बसल्यावर या. मुदतीची काळजी करू नका, मी आहे ना." लेखी द्यायची गरज नाही असंही म्हणाले. मला ते शब्द पक्के आठवतात, कारण मी नवीन होते आणि सरकारी नोकरीत सवलत अशी तोंडी मिळते याचं मला भारी नवल वाटलं होतं. भाऊ घटस्थापनेला रुजू झाले. आदेशातली मुदत त्याआधी दोन-तीन दिवस संपली होती. पुढे साहेबांची बदली झाली, आस्थापनेवरच्या कुणीतरी भाऊंच्या सेवापुस्तकात 'विनापरवानगी विलंबाने रुजू' अशी ओळ टाकली, आणि नियमाप्रमाणे निवड यादीत माझ्या वर असलेले भाऊ माझ्या खाली आले. त्यांनी तेव्हा तक्रार केली नाही. मधली एक बढती आम्हाला एकदमच मिळाली, जागा भरपूर होत्या, त्यामुळे वर कोण आणि खाली कोण याने काही फरक पडला नाही. ते साहेबही आता हयात नाहीत. म्हणजे केबिनमधल्या त्या बोलण्याची भाऊ आणि त्यांची आई सोडून एकच साक्षीदार उरली होती, आणि ती मी.

भाऊंनी मला साक्षीला बोलावलं नव्हतं. हे मला कळलं तेव्हा मी आणखी चिडले. इतकी वर्षं एका टेबलावर जेवलो, आणि माझ्या खरेपणावर यांचा एवढाही भरवसा नाही? आणि त्याच वेळी, खरं सांगायचं तर, मला बरंही वाटलं होतं. विचारलंच नाही तर सांगायचा प्रश्न येत नाही. राग आणि सुटका एकाच वेळी वाटत असली की माणूस फार विचित्र वागतो. मी त्या दिवसांत शिपायावर ओरडले, घरी कुकरवर ओरडले, आणि भाऊंचा आवाज आला की मुद्दाम पंखा मोठा करायचे.

कार्यालयात दोन तट पडले. भाऊंच्या घरची थोडी जमीन मानकोलीच्या बाजूलाही होती, तिथे आता गोदामं उभी आहेत आणि भाडं येतं. त्यामुळे माझ्या बाजूचे म्हणायचे, गोदामवाल्याला बढती कशाला हवी, हौस म्हणून? दुसऱ्या बाजूचे म्हणायचे, निवडीत वरचा तो वरचा, कानामागून आली आणि तिखट झाली. त्यातल्या एकाने तर मला ऐकू जाईल असं म्हटलं की ताईंना काय काळजी, त्यांचा कोटा आहे. मी तिथल्या तिथे त्याला धरलं. म्हटलं, बढतीतल्या आरक्षणाचा मामला कोर्टात आहे, जागा सध्या नुसत्या ज्येष्ठतेवर भरतात, आणि ही ज्येष्ठता मला सकाळी पायरीवर उभी राहून मिळाली आहे, कुणी ताटात वाढलेली नाही. तो चहाला म्हणून उठून गेला. मी मात्र पुढे तासभर एकच फाइल उलटसुलट करत बसले, कारण पायरीवर उभं राहणं खरं होतं आणि केबिनमधलं बोलणंही खरं होतं.

मग संघटनेचे एक पदाधिकारी मला भेटायला आले. हुशार माणूस, नियम तोंडपाठ. त्यांनी मला वेगळीच वाट दाखवली. आमच्याकडे विभागीय परीक्षा ठरावीक संधींत पास व्हावी लागते, नाहीतर माणूस बढतीला पात्र होत नाही किंवा मागे ढकलला जातो. भाऊ शेवटच्या संधीत पास झाले होते आणि निकाल लागेपर्यंत मुदत उलटून गेली होती. परीक्षेची तारीख धरायची की निकालाची, यावर भांडता येतं. पदाधिकारी म्हणाले, त्यांनी तुमच्या ज्येष्ठतेला हात घातलाय ना, तुम्ही त्यांच्या पात्रतेलाच घाला. त्यांनी अर्जही लिहून आणला होता, मी फक्त सही करायची.

त्या परीक्षेचा अभ्यास भाऊंनी माझ्याबरोबर केला होता. डबा झाल्यावर मी प्रश्न विचारायचे आणि ते रजेच्या नियमांत हटकून अडायचे. त्यांच्या किती संधी झाल्या हे मला त्यांच्यापेक्षा जास्त माहीत होतं. मी अर्ज ठेवून घेतला. सही केली नाही, पण परतही दिला नाही. सुनावणीला गेले तेव्हा तो माझ्या पर्समध्ये होता.

सुनावणीच्या दिवशी मी मनाशी वाक्य पक्कं केलं होतं. कुणी विचारलंच तर म्हणायचं, फार वर्षं झाली, आठवत नाही. यात खोटं असं काही नाही, असं मी रिक्षात बसल्यावर स्वतःला समजावलं, आणि कशेळीचा पूल येईपर्यंत ते मला पटलंही होतं.

सुनावणी घेणाऱ्या मॅडम तरुण होत्या, चटचट बोलणाऱ्या. आम्हाला शेजारी शेजारी बसवलं. भाऊंनी आपलं म्हणणं सांगितलं, अडखळत, कागदाकडे बघत. मॅडमनी विचारलं, साहेबांनी तोंडी परवानगी दिली याला पुरावा काय? भाऊ म्हणाले, काहीच नाही. मॅडमनी पुन्हा विचारलं, तेव्हा केबिनमध्ये आणखी कुणी होतं? भाऊंनी माझ्याकडे पाहिलं नाही. टेबलाच्या कडेकडे पाहत म्हणाले, कुणी नव्हतं.

मी त्यांच्यापासून हातभर अंतरावर बसले होते. त्यांना चांगलं आठवत होतं की मी तिथे होते, पुढे कितीदा ते मला म्हणाले होते की त्या दिवशी आईपुढे आणि तुमच्यापुढे माझी मान वर होत नव्हती. आणि आता म्हणत होते, कुणी नव्हतं.

मॅडम हसल्या. वाईट हेतूने नसेल, पण हसल्या. म्हणाल्या, पितृपक्ष हे काय कारण झालं का, आणि गेलेल्या माणसाच्या नावावर कुणालाही काहीही खपवता येतं. भाऊंनी ते गिळलं. कानाच्या पाळ्या लाल झाल्या. आणि माझा राग, जो इतके दिवस भाऊंवर होता, तो एकदम टेबलाच्या पलीकडे गेला. माझ्या रागाचं हे असंच आहे, तो उठतो तेव्हा कुणाच्या बाजूने उठलाय हे मला मागाहून कळतं.

"साहेब बोलले होते," मी म्हटलं. "मी तिथे होते."

मॅडमनी पेन खाली ठेवलं. "तुम्ही कुणाच्या विरुद्ध बोलताय हे कळतंय ना तुम्हाला?"

"कळतंय. माझ्या."

मग मी सगळं सांगितलं, काकड्यांसकट. साहेबांना मुदत वाढवायचा अधिकार होता, ते नेमणूक करणारे अधिकारी होते, त्यांनी लिहून ठेवलं नाही ही त्यांची चूक, भाऊंची नव्हे, हेही सांगितलं. माझा जबाब लिहिला गेला, त्यावर मी सही केली.  बाहेर आल्यावर मला सपाटून भूक लागली. पाकीट आल्यापासून मला धड भूक लागली नव्हती. मी कोपऱ्यावरच्या गाडीवर दोन वडापाव एकापाठोपाठ खाल्ले आणि इतकं हलकं वाटलं की मला स्वतःचीच शंका आली.

भाऊ गाडी घेऊन आले होते. म्हणाले, बसा. मला बसायचं नव्हतं, पण पाय दुखत होते, म्हणून मागच्या सीटवर बसले, पुढे नाही. मानकोलीच्या चौकात नेहमीप्रमाणे कंटेनर अडकलेले होते आणि गाडी जागची हलेना. तिथे मी तोंड उघडलं. म्हटलं, हरकत घ्यायची होती तर घ्यायची, पण मला सांगायला काय झालं होतं? आणि साक्षीला मला का नाही बोलावलं? मी खोटं बोलेन असं वाटलं?

भाऊंनी आरशातून माझ्याकडे पाहिलं. "उलट. तुम्हाला विचारलं असतं तर तुम्ही खरंच बोलला असतात. मग मी तुमच्याच हाताने तुमची खुर्ची काढून घेतल्यासारखं झालं असतं."

मग त्यांनी बाकीचं सांगितलं. त्यांची आई गेल्या वर्षी अंगणात पडली आणि तेव्हापासून खाटेला लागली. पडून राहिल्यावर माणसाच्या डोक्यात जुनंच फिरतं. गावात कुणीतरी थट्टेत बोलून गेलं होतं की पितरांनी पोराची बढती खाल्ली, आणि ते तिने धरून ठेवलं. मीच तुला आडवी आले, मीच तुझं नाव खाली नेलं, असं ती रोज म्हणते. भाऊंनी समजावलं, रागावून पाहिलं, काही उपयोग झाला नाही. शेवटी त्यांनी ठरवलं की एकदा हरकत घ्यायची. फेटाळली जाणार हे त्यांना पक्कं माहीत होतं, कागद नाही आणि साहेबही नाहीत. पण निदान आईला सांगता आलं असतं की मी भांडून पाहिलं, नियमच आडवा आला, तू नाही. फेटाळली गेली की माझी माफी मागायची आणि दुसऱ्या दिवसापासून पुन्हा सुकट आणायची, एवढी त्यांची योजना होती.

"आणि मी मध्ये बोलले," मी म्हटलं.

"तुम्ही मध्ये बोललात," ते म्हणाले.

कंटेनर हलायला पुष्कळ वेळ लागला. मला हसू येत होतं आणि ते मी दाबून धरलं होतं, कारण अजून माझा राग पुरता उतरला नव्हता आणि इतक्या लवकर हसणं मला परवडणारं नव्हतं. घरी नवऱ्याला सगळं सांगितलं तेव्हा तो म्हणाला, तेल गेलं, तूप गेलं, हाती धुपाटणं आलं. मी म्हटलं, येऊ दे. त्या रात्री मी आडवी होताच झोपले.

अंतिम यादी यायला बरेच आठवडे गेले. आली ती दुपारी, ग्रुपवर. मी पान मोठं केलं. वर भाऊ, खाली मी. वाईट वाटेल म्हणून मी वाट पाहत बसले, जसं दाढ काढल्यावर कधी दुखायला लागेल याची वाट पाहतो. दुखलं, नाही असं नाही. दारावरची पाटी डोळ्यांपुढे आली आणि गेली. पण त्याखाली जे होतं ते दुःख नव्हतं. मला आता कुणापासून काही लपवायचं नव्हतं. भाऊंच्या टेबलाकडे मान वळवायला मला पंख्याची गरज नव्हती. मी डबा घेऊन उठले आणि जुन्या टेबलावर जाऊन बसले, आणि भाऊंनी डब्याचं झाकण माझ्यापुढे सरकवलं.

त्यानंतर बढतीचा आदेश आला. भाऊ अधीक्षक, नेमणूक मुरबाडला. आम्ही त्यांना पुष्पगुच्छ दिला, फोटो काढले. आणि दोन दिवसांनी मला कळलं की या गृहस्थांनी बढती नाकारल्याचं लेखी दिलं आहे.

बाहेरच्या माणसाला हे खरं वाटणार नाही, पण आमच्या खात्यात हे नेहमीचं आहे. माणसं यादीतल्या एका जागेसाठी वर्षानुवर्षं भांडतात, आणि बढती हातात आली की बदली नको म्हणून नकार देऊन मोकळी होतात. त्यांना वर जायचं नसतं, फक्त वर असायचं असतं. मी स्वतः अशा लोकांची पुष्कळ टिंगल केली आहे. पण भाऊंनी असं करावं म्हणजे हद्द झाली. मी त्यांच्या टेबलाशी गेले आणि सगळ्यांसमोर त्यांना फैलावर घेतलं. म्हटलं, मला ठाण्यापर्यंत नेलंत, माझी झोप घालवलीत, माझ्याच तोंडाने मला खाली ढकललंत, आणि आता म्हणता नको? मग एवढा खटाटोप केलात कशाला?

भाऊ शांतपणे ऐकून घेत होते. मग म्हणाले की मुरबाडला जाऊन-येऊन दिवस संपेल, आईला रात्री उचलून बसवायला माणूस लागतं, तिला दुसऱ्या कुणाचा हात चालत नाही. आणि नाव वर आलं, ते तिला दाखवून झालं. एवढंच हवं होतं.  मी त्यांच्या टेबलावरचं पाणी उचलून प्यायले आणि जागेवर जाऊन बसले.

एकाने नकार दिला की जागा पुढच्याकडे जाते. पुढची मीच. संघटनेचे ते पदाधिकारी फोनवर म्हणाले, बघा ताई, सुंठीवाचून खोकला गेला, उगाच साक्ष दिलीत.  त्यांना कसं सांगणार की साक्ष दिली नसती आणि हीच जागा मिळाली असती, तर मुरबाडच्या त्या दारावरच्या पाटीखालून रोज आत जाताना मला मान खाली घालावी लागली असती. आता मी ताठ जाते. एसटी खचाखच भरलेली असते, उभं राहून कंबर धरते, आणि तरी मला बरं वाटतं. त्यांचा तो बिनसहीचा अर्ज मी परत पाठवून दिला.

मुरबाडला रुजू झाल्यानंतरच्या पहिल्या रविवारी मी पेढे घेऊन दिघाशीला गेले. भाऊंनी आईला ओटीवर आणून बसवलं होतं, पाठीला उशी देऊन. केवढी उंच बाई होती ती, साहेबांच्या केबिनमध्ये दार भरून उभी राहिलेली, आता उशीला टेकून मुठीएवढी झाली होती. तिने मला ओळखलं नाही. भाऊंनी सांगितलं की या माझ्याबरोबर कामाला होत्या, आता मोठ्या साहेब झाल्या. तिने पेढा घेतला, हातातच धरून ठेवला, आणि मुलाला म्हणाली, ते दाखव.

भाऊंनी मोबाइल काढला. त्यांना रोज दाखवावं लागत असणार, कारण यादी लगेच सापडली. पान मोठं केलं आणि तिच्या डोळ्यांपुढे धरलं. म्हातारीने बोट लावलं, पान सरकलं, त्यांनी पुन्हा जागेवर आणलं. हा मी, ते म्हणाले. सगळ्यात वर. तिने मान डोलावली. वाचता येत नव्हतं तिला, पण वरची ओळ कुठली हे तिला बरोबर ठाऊक झालं होतं. मग तिचं बोट खालच्या ओळीवर आलं.

"आनि ह्याच्या खाली कोन हाय?"

भाऊंनी माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, "मी, मावशी."

तिने मोबाइल बाजूला केला आणि माझ्याकडे नीट पाहिलं. बराच वेळ पाहिलं.

"तुला येयाला उशीर झाला व्हता का, बाय?"

भाऊ काहीतरी बोलायला गेले. मी त्यांना डोळ्यांनी गप्प केलं.

"हो मावशी," मी म्हटलं. "थोडा झाला होता."

तिने माझा हात हातात घेतला. पेढ्याची साखर माझ्या बोटांना लागली.

"व्हतं तसा कवा कवा," ती म्हणाली. "घरची मानसां मुद्दाम न्हाय करत, बाय. मनाला लावून घेव नको."